प्रति, नकाशेवाले: थळसमोरच्या त्या बेटाचं नाव उंदेरी आहे

प्रति,
नकाशे बनवणारे सगळे, म्हणजे सरकारी ऑफिसातले पण आणि मोबाईल ॲपवाले पण,
शिवाय पर्यटनाचे बोर्ड रंगवणारे,
आणि कुठलंही मोकळं बेट दिसलं की नवीन नाव सुचवायला तयार असलेले उत्साही कार्यकर्ते.

विषय: अलिबाग तालुका, थळ गाव, समोरचं बेट, त्याचं नाव.

नमस्कार मंडळी,

गेल्या थंडीत भाचरांना घेऊन थळच्या धक्क्यावर उभा होतो, ओहोटी लागायची वाट बघत. शेजारी पुण्याकडचं एक कुटुंब आलं, बाबांच्या हातात मोबाईल, मोबाईलवर नकाशा उघडलेला, आणि त्यांनी एका होडीवाल्या नाखवांना विचारलं, काका, हेन्री आयलंडला बोट जाते का? नाखवांनी जाळ्यातनं मान वर केली, दोन सेकंद विचार केला आणि म्हणाले, "असा काय बेट नाय आमचे इथं." आणि परत जाळं विणायला लागले. आता गंमत बघा, बेट समोर होतं. अगदी समोर, उन्हात, दीड किलोमीटर पण नसेल, त्याची तटबंदीची रेघ नुसत्या डोळ्यांनी दिसत होती. विचारणारा खोटं बोलत नव्हता, सांगणारा पण नाही. मधे फक्त तुमचा नकाशा होता.

मी मध्ये पडलो, म्हटलं अहो ते उंदेरी म्हणतायत. मग नाखवा हसले, ते कुटुंब हसलं, त्यातल्या धाकट्याने लगेच विचारलं, तिथे उंदीर आहेत का? हा प्रश्न मला आयुष्यात किमान पन्नास वेळा विचारलेला आहे त्यामुळे त्याचं काही वाटत नाही. पण हेन्रीचं वाटतं. म्हणून हे पत्र.

आधी सांगतो, मी इतिहासकार वगैरे नाही. थळ माझं आजोळ, नोकरी ठाण्यात, सुट्टीत इथे. पण हे बेट मी लहानपणापासून बघतोय आणि त्याच्या नावाचं जे चाललंय ते पण बघतोय.

जे कधी आले नाहीत त्यांच्यासाठी थोडी जागा समजावतो. थळच्या किनाऱ्यावर उभं राहून पश्चिमेला बघितलं की दोन बेटं दिसतात. जवळचं, बुटकं, काळपट, गोलसर, पाण्यावर उपडं ठेवलेलं तवल्याचं झाकण वाटावं असं, ते उंदेरी. त्याच्या मागे लांबवर, दोन टेकड्यांचं, दीपगृह असलेलं, ते खांदेरी. दोन्ही बेटांचं अक्षांश १८ अंश ४२ मिनिटांच्या आसपास, म्हणजे नकाशात जवळजवळ एका ओळीत, आणि मुंबई बंदराच्या तोंडाच्या दक्षिणेला साधारण वीस किलोमीटरवर. खांदेरीला १८६७ पासून दीपगृह आहे, वेताळाचं देऊळ आहे, कोळी लोकांचं येणंजाणं आहे, वाजवला की धातूसारखा आवाज येणारा दगड आहे, चाकांच्या गाड्यावरच्या तोफा आहेत. उंदेरीवर कोणी राहत नाही. दीप नाही, दुकान नाही, प्यायचं पाणी नाही (टाकी आहेत, पण आतलं पाणी बघितलंत तर पिणार नाही), झाडोरा, पडके बुरूज, आणि गवतात आडव्या पडलेल्या तोफा. बस.

ही दोन नावं एका दमात घ्यायची आपल्याला सवय आहे, खांदेरी-उंदेरी, जसं चहा-बिहा म्हणावं तसं. ऐकणाऱ्याला वाटतं उंदेरी हे खांदेरीच्या मागे यमकासाठी लावलेलं शेपूट. आणि इथूनच सगळा घोळ चालू होतो, तो आजचा नाही. १६७९ साली मुंबईचे इंग्रज कारकून सुरतेला पत्रं लिहीत होते तेव्हा त्यांनी ह्या नावांचं हेंड्री-केंड्री केलं आणि कधी कधी एकट्या खांदेरीबद्दल लिहायचं असलं तरी दोन्ही नावं जोडूनच लिहिली. मग पुढे उंदेरीचं हेनरी आणि खांदेरीचं केनरी झालं, आणि इंग्रजी नकाशांवर तेच छापलं गेलं. आता इंग्रजीत हेनरी ह्या उच्चाराच्या शब्दाचा शब्दकोशातला अर्थ काय माहितीये का? कोंबड्या पाळायची जागा. म्हणजे मराठी मुलांना उंदीर आठवतो आणि इंग्रजांना खुराडं. आणि केनरीचं तर बोरिवलीच्या कान्हेरी लेण्यांशी पण होतं गोंधळ, ते वेगळंच. नकाशेवाल्या मंडळींनी ते जुनं स्पेलिंग तसंच पुढे ढकललं, मग कोणीतरी हेनरीचा हेन्री केला, आणि साडेतीनशे वर्षांनी पुण्याचा एक भला माणूस थळच्या धक्क्यावर एका न जन्मलेल्या गोऱ्या साहेबाचं बेट शोधत उभा राहिला.

नुसत्या स्पेलिंगची गोष्ट असती तर मी एवढं लिहिलंच नसतं. नाव जोडून घेतल्यामुळे इतिहास पण जोडून टाकला जातो, आणि तो चुकीचा जोडला जातो. मी स्वतः एका बोर्डावर वाचलंय (कुठल्या ते सांगत नाही, आता बहुतेक पडला असेल) की खांदेरी-उंदेरी हे शिवाजी महाराजांनी बांधलेले जोडकिल्ले. अहो जोडकिल्ले कसले. हे दोघं एकमेकांचे वैरी होते.

झालं असं. १६७२ च्या सुमाराला महाराजांनी खांदेरीवर किल्ला बांधायचा एक प्रयत्न केला होता, तेव्हा इंग्रज आणि जंजिऱ्याचा सिद्दी दोघांच्या विरोधामुळे राहिला. मग १६७९ च्या पावसाळ्याच्या शेवटाला महाराजांच्या आरमारातला मायनाक भंडारी माणसं आणि सामान घेऊन खांदेरीवर उतरला आणि दगडावर दगड चढायला लागले. मुंबईवाल्या इंग्रजांची झोप उडाली, कारण खांदेरीवरून त्यांच्या बंदरात येणारं-जाणारं प्रत्येक जहाज दिसणार. म्हणाले बेट आमचं. आरमार पाठवलं, सप्टेंबरात पहिली चकमक झाली तिच्यात त्यांचा अधिकारी पडला, १८ ऑक्टोबरला दौलतखानाचं मराठी आरमार नागावकडून वल्हवत आलं आणि इंग्रजांचं डव्ह नावाचं गलबत धरून घेऊन गेलं, त्यांचं रिव्हेंज नावाचं जहाज मात्र टिकलं. वेढा चालू होता आणि इकडे मायनाकची माणसं रात्री अंधारात छोट्या होड्यांनी रसद घेऊन बेटावर जात होती, मोठ्या जहाजांना जिथे वारा नसला की हलता येत नाही तिथे ह्या होड्या वल्ह्यांवर निघून जायच्या. थळच्या लोकांना हे समजवायला लागत नाही, उथळ पाणी आणि खडक हे त्यांच्या घरचंच.

मग सिद्दी कासम इंग्रजांच्या मदतीला आला, आणि खांदेरी काही मिळत नाही म्हटल्यावर जानेवारी १६८० मध्ये त्याने शेजारचं बेट घेतलं आणि त्यावर तट बांधायला काढला. ते शेजारचं बेट म्हणजे उंदेरी. डाव तोच होता जो महाराजांनी जंजिऱ्याच्या समोर पद्मदुर्ग उभारून खेळला होता, शत्रूच्या उरावर किल्ला बांधायचा, फक्त इथे पात्रं उलटी. दौलतखानाने त्याच महिन्यात उंदेरीवर हल्ला केला, जमलं नाही. महाराज एप्रिलमध्ये गेले. संभाजीराजांच्या माणसांनी त्याच वर्षी पावसाळ्यात रात्री उंदेरीवर उतरून बघितलं, ते पण फसलं आणि खूप माणसं मारली गेली. त्यानंतर १७६० च्या सुमारापर्यंत, म्हणजे जवळपास ८० वर्षं, ही दोन बेटं एकमेकांसमोर तोफा लावून बसली होती. एकावर भगवा, एकावर सिद्दीचं निशाण. आणि मधे थळची माणसं मासेमारी करत होती, दोघांच्या तोफांच्या टप्प्यात. थळच्या किनाऱ्यावर खुबलढा म्हणून जो छोटासा कोट होता, आता नीट शोधावा लागतो, तो कशासाठी होता ते उंदेरीकडे तोंड करून उभं राहिलं की आपोआप समजतं.

तर हे जोडकिल्ले. यमक जुळतं म्हणून भाऊ समजू नका एवढंच. उंदेरीवर सिद्दीने बांधलेलं काम आहे असं लिहिल्याने कोणाचा अपमान होत नाही. उलट खांदेरी घेणं आणि टिकवणं किती अवघड होतं ते उंदेरी बघितल्याशिवाय कळत नाही. ११ जुलै २०२५ ला युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत मराठ्यांचे बारा किल्ले गेले, त्यात खांदेरी आहे, उंदेरी नाही. आनंद झाला, पेढे वाटले, खोटं कशाला बोलू. पण तेव्हापासून खांदेरीच्या पोस्टवर उंदेरीचे फोटो बघतोय आणि उंदेरीच्या तोफेसोबत सेल्फी काढून खाली खांदेरी लिहिणारे बघतोय, आणि ह्यात त्यांची चूक कमी आणि तुमच्या पिनची जास्त आहे. एका ॲपमध्ये तर नाव चक्क दोन्ही बेटांच्या मधल्या पाण्यावर टेकवलंय. खाली समुद्र, वर नाव. आता बोला.

आता तिसऱ्या गटाशी बोलतो, नवीन नाव सुचवणारे. मला भीती तुमचीच जास्त आहे, खरं सांगतो.

३० डिसेंबर २०१८ ला अंदमानात रॉस, नील आणि हॅवलॉक ह्या बेटांची नावं बदलली, २३ जानेवारी २०२३ ला तिथल्याच २१ बेटांना परमवीर चक्र मिळालेल्यांची नावं दिली. ती एकवीस बेटं बिननावाची होती, सरकार दरबारी तरी, ठीक आहे, त्यावर माझं काही म्हणणं नाही. पण त्यानंतर आमच्याकडे पण कोणाकोणाच्या डोक्यात यायला लागलंय की निर्मनुष्य बेट आहे, नाव पण जरा उंदरासारखं, मग एखादं भारदस्त नाव का नको. मला एका लग्नात एकाने अगदी गंभीरपणे यादी ऐकवली. मी जिलबी खात ऐकून घेतली.

अहो, खांदेरीचं काय झालं बघा ना. त्याला कान्होजी आंग्रे बेट असं नाव दिलेलं आहे, आणि नाव देणं चुकीचं पण नाही, कारण कान्होजींचा त्या बेटावर हक्कच आहे, १७१८ मध्ये मुंबईचा गव्हर्नर बून मोठं आरमार घेऊन खांदेरीवर आला होता तो हात हलवत परत गेला ते कान्होजींमुळेच. इतकं योग्य नाव असून थळच्या धक्क्यावर जाऊन विचारा, कान्होजी आंग्रे बेटावर सोडता का. सोडतील, पण आधी म्हणतील, म्हणजे खांदेरीला ना. नौदलाने पाणबुडीला नाव दिलं ते पण खांदेरीच, १९६८ च्या जुन्या पाणबुडीला आणि २०१९ च्या नव्या पाणबुडीला पण. मुंबई बंदरातल्या बुचर आयलंडचं जवाहर द्वीप होऊन जमाना झाला, तिथे तेलाची जहाजं लागतात, कामावर जाणारा माणूस अजून बुचरलाच जातो. मुरुडचा पद्मदुर्ग, महाराजांनी ठेवलेलं नाव, आणि तिथले कोळी आजही कासा म्हणतात. महाराजांच्या नावापुढे पण कासा टिकून राहिला, मग तुमच्या-माझ्या ठरावाचं काय घेऊन बसलात. आमचा जिल्हा कुलाबा होता तो १९८१ ला रायगड झाला, ते मात्र रुजलं, कारण ते रोज फॉर्मवर लिहावं लागतं, शाळेच्या दाखल्यावर, सातबाऱ्यावर. उंदेरीचा पत्ता कोण कुठल्या फॉर्मवर लिहिणार? तिथे ना मतदार ना पोस्टमन. तिथलं नाव फक्त बोलण्यात राहतं, जे पाण्यात जातात त्यांच्या बोलण्यात. म्हणून तर ते जपायला लागतं.

आणि आता खरा मुद्दा, ज्यासाठी मी गेले दोन महिने हे पत्र लिहू का नको करत होतो.

मी दहा-अकरा वर्षांचा असताना मामा मला पहिल्यांदा उंदेरीला घेऊन गेला होता. मोठ्या ओहोटीचा दिवस. मामाकडे छोटी होडी, तो कालवं काढायला जायचा. ज्यांनी मुंबईकडचा समुद्र बघितलाय त्यांना माहितीये, उधाणाच्या दिवसांत इकडे भरती-ओहोटीत चार-साडेचार मीटरचा फरक पडतो. त्यामुळे उंदेरी हे एक बेट नाहीच, दोन आहेत. भरतीला तटाच्या पायथ्याशी पाणी लागतं तेव्हा छोटंसं. आणि मोठ्या ओहोटीला चारी बाजूंनी खडक उघडे पडतात, काळे, शेवाळलेले, कालवांनी भरलेले, मधे मधे डबकी, तेव्हा ते केवढं तरी पसरतं, वाटतं अजून थोडं पाणी गेलं तर चालत थळला जाऊ. मी वर तोफांकडे पळालो होतो. एका तोफेच्या तोंडात हात घातला, आत गंजाचे पापुद्रे, हात नारिंगी झाला, आणि आतून एक खेकडा बाहेर आला आणि माझ्याकडे बघून परत आत गेला. मामा खाली खडकांवर होता. तिथून तो मला ओरडून सांगत होता, अमुक खडकावर पाय देऊ नको, तमुकच्या पलीकडे खड्डा आहे, त्याच्या पुढच्यावर थांब, होडी तिकडे लावतो. प्रत्येक खडकाला नाव. एकूण एक. एक नाव कोणाच्या तरी आजोबांवरून होतं, एक खडकाच्या आकारावरून, एक असं की ते आजीसमोर घ्यायचं नाही म्हणून मामाने बजावलं होतं.

मी एकही लिहून घेतलं नाही. मामा जाऊन आता सात वर्षं झाली. ते न घ्यायचं नाव तेवढं लक्षात आहे, आणि ते मी इथे लिहू शकत नाही.

आता तुमच्या कामाकडे या. जमिनीचा साधा नकाशा काढताना किनारा म्हणून जी रेघ ओढता ती भरतीच्या पाण्याची रेघ. त्याच्या बाहेर सगळं निळं. म्हणजे मामा ज्यावर उभा होता, ज्याला नावं होती, तो सगळा भाग तुमच्या नकाशात समुद्र आहे. आणि रेघेच्या आत जे उरतं, पडका तट, झाडोरा, तोफा, त्याला सगळ्यांना मिळून एकच नाव, ते पण चुकीचं लिहिलेलं. जहाजांच्या चार्टवर ओहोटीला उघडे पडणारे खडक दाखवतात हे मला माहितीये, वेगळ्या रंगात, उंचीच्या आकड्यासकट, ते काम भारी असतं. पण तिथे आकडा असतो, नाव नसतं. जहाजाच्या कॅप्टनला नाव नको असतं, त्याला लांब राहायचं असतं. ज्याला जवळ जायचं असतं त्याला नाव लागतं.

तर मागणं सरळ आहे. उंदेरी देवनागरीत उंदेरी लिहा, दे ला मात्रा, री दीर्घ. रोमन लिपीत लिहाल तेव्हा उच्चाराला धरून लिहा, हेनरी ठेवायचंच असेल तर जुनं नाव म्हणून बारीक अक्षरात खाली ठेवा, इतिहास आहे तो पण, पुसू नका. खांदेरीपासून वेगळी पिन द्या आणि ती पाण्यावर नको, बेटावर टेकवा. बोर्डवाल्यांनी सिद्दीचा उल्लेख करायला लाजू नये. नवीन नावाची यादी खिशातच राहू द्या. आणि खडकांची नावं लिहून घ्या. बजेट लागत नाही, ड्रोन लागत नाही, मोबाईलचं रेकॉर्डिंग पुरतं आणि एक हाताने काढलेला कच्चा नकाशा. थळ, नवगाव, वरसोली, तिन्हीकडे विचारा, एकाच खडकाला तिन्ही गावांत वेगळं नाव निघेल आणि त्यावरून भांडणं पण होतील. तिन्ही लिहा.

हे मी स्वतः करायला सुरुवात केलीये. परवा त्या धक्क्यावरच्या नाखवांना परत भेटलो, तेच, असा बेट नाय म्हणणारे. त्यांना विचारलं तर पहिले म्हणाले तुला काय करायचंय, मग मामाचं नाव सांगितल्यावर म्हणाले अरे तू त्यांचा भाचा का, बस. अर्ध्या तासात नऊ नावं दिली. त्यातली दोन मला ऐकल्यासारखी वाटली. ते आजीसमोर न घ्यायचं पण त्यांना माहीत होतं, आणि ते नेमकं कुठल्या खडकाचं ते पण कळलं, मी इतकी वर्षं भलत्याच खडकाचं समजत होतो.

तुम्ही येणार असाल तर १ जून ते ३१ जुलै सोडून या, तेव्हा मासेमारीला बंदी असते आणि तसंही पाणी कोणाला जवळ करत नाही. अमावस्या-पौर्णिमेच्या आसपासची ओहोटी बघा. पायात जाड तळाचं काहीतरी घाला, कालवांची धार ब्लेडसारखी असते. आणि सकाळी मासळीच्या लिलावाच्या वेळी कोणाला नावं विचारायला जाऊ नका, शिव्या खाल. दुपारी तीननंतर या, जाळी शिवायला बसलेले असतात.

आपला,
थळचा एक भाचा